धुऱ्यावरचा खेकडा

श्रोतेहो, मराठी माणसाची थट्टा करायची झाली की खेकड्यांच्या टोपलीची गोष्ट हमखास सांगितली जाते. टोपलीला झाकण नको, कारण एक वर चढू लागला की दुसरा त्याचा पाय ओढतो! गोष्ट ऐकून आपण हसतो, पण खेकड्यावर तो अन्यायच आहे. त्याच्या ठायी मत्सर वगैरे काही नसतो. टोपलीत कोंडल्यावर आधाराला जे सापडेल ते तो धरतो, आणि सापडतो तो शेजाऱ्याचा पाय. आज टोपलीतला खेकडा बाजूला ठेवू आणि आपल्या बांधीच्या धुऱ्यात राहणाऱ्या खऱ्या खेकड्याची थोडी ओळख करून घेऊ.

१ मे १९९९ रोजी भंडाऱ्यातून वेगळा झालेला आपला गोंदिया जिल्हा धानाचा आणि तलावांचा. वैनगंगा, बाघ, चुलबंद, गाढवी या नद्या, मालगुजारांच्या काळातले तलाव, गावोगावच्या बोड्या आणि पावसाळ्यात पाण्याने भरलेल्या बांध्या. जिथे ओलसर माती आहे तिथे खेकडा आहे. समुद्र इथून शेकडो किलोमीटर दूर. तरी समुद्रातल्या चिंबोरीचा हा भाऊबंद आपल्या शेतात सुखाने नांदतो.

त्याची नावे प्रांतागणिक बदलतात. आपण खेकडा म्हणतो, हिंदी बोलणारे शेजारी केकडा म्हणतात. कोकणात चिंबोरी, कुर्ली आणि शेतातल्या खेकड्याला मुठा. संस्कृतात तो कर्कट. राशीचक्रातली कर्क रास त्याचीच. महाराष्ट्राच्या मोठ्या भागात आढळणाऱ्या एका जातीचे शास्त्रीय नाव आहे बॅरिटेल्फ्युसा क्युनिक्युलॅरिस. कर्नल साइक्स यांनी दख्खनमधल्या खेकड्यांचे निरीक्षण केले आणि १८३६ साली वेस्टवूड या शास्त्रज्ञाने या जातीला नाव दिले. लॅटिनमध्ये क्युनिक्युलस म्हणजे ससा आणि जमिनीखालचा भुयारी मार्गही. बिळात राहणाऱ्याला नाव अगदी शोभून दिसते.

खेकड्याला दहा पाय. त्यांपैकी पुढचे दोन म्हणजे नांग्या. अंगावर कठीण कवच. ते वाढत नाही, म्हणून वाढीच्या काळात खेकडा जुने कवच टाकतो आणि नवे घट्ट होईपर्यंत मऊ अंगाने बिळात दडून राहतो. शत्रूच्या तावडीत सापडला तर अडकलेला पाय किंवा नांगी तोडून निसटतो. पुढच्या काही कात टाकण्यांत तो अवयव पुन्हा उगवतो. आपण ‘नांगी टाकली’ असे म्हणतो ते हरलेल्याविषयी. खेकडा मात्र जगण्यासाठी नांगी टाकतो!

तो कल्ल्यांनी श्वास घेतो, पण कल्ल्यांची पोकळी ओलसर असली की हवेवरही त्याचे भागते. म्हणून तो पाण्याबाहेर हिंडू शकतो. उन्हाळ्यात बांधी कोरडी पडली की तो ओल लागेपर्यंत खोल बीळ करतो आणि पावसाची वाट पाहतो. कुजलेली पाने, शेवाळ, किडे, गोगलगायी असे सारे काही तो खातो. बगळे, कोल्हे, पाणमांजरे त्याला खातात. सडलेल्या पालापाचोळ्याचे मांस करून देणारा हा प्राणी आहे.

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट सांगतो. तिच्यासाठी क्षणभर समुद्राकडे जावे लागेल. समुद्रात सी अर्चिन नावाचा एक प्राणी असतो. साळिंदराने अंगाचा चेंडू करावा तसा गोल आणि काटेरी. कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावरही तो दिसतो. जपानमध्ये त्याच्या पोटातल्या पाच केशरी जननग्रंथी ‘उनी’ या नावाने मोठ्या आवडीने खातात. याची मादी लाखोंनी अंडी पाण्यात सोडून देते. त्यांतून निघालेली सूक्ष्म पिले कित्येक दिवस प्रवाहाबरोबर तरंगतात आणि कुठल्या तरी दूरच्या खडकावर जाऊन स्थिरावतात. समुद्रातल्या चिंबोरीची अंडीही लाखांत मोजावी लागतात आणि तिची पिलेही अशीच तरंगत जातात. त्यामुळे एका किनाऱ्यावरचे प्राणी कमी झाले तरी दुसरीकडून नवी पिले येण्याची काही आशा असते.

आपल्या धुऱ्यावरच्या खेकड्याला ही सोय नाही. त्याची मादी काहीशे अंडी घालते. ती आकाराने मोठी असतात आणि ती पोटाखालच्या झाकणीत जपून धरते. अंड्यातून तरंगणारी पिले निघत नाहीत, तर थेट चिमुकले खेकडेच बाहेर येतात. तेही काही दिवस आईच्या पोटाशीच राहतात आणि मग आसपासच्या चिखलात उतरतात. म्हणजे एका ओढ्याचा खेकडा हा त्या ओढ्याचाच. तिथला वंश संपला तर नदीच्या पुरातून नवा वंश वाहत येईल, असे धरून चालता येत नाही.

म्हणूनच पावसाच्या सुरुवातीला टॉर्च घेऊन खेकडे धरताना आपण काय धरतो याला फार अर्थ आहे. पोटाशी पिले असलेली एक मादी टोपलीत गेली म्हणजे पुढच्या वर्षाचे काहीशे खेकडे गेले.

दुसरे संकट फवारणीचे. किडा आणि खेकडा दिसायला कितीही वेगळे असले तरी प्राणिशास्त्रात दोघेही संधिपाद, म्हणजे जोडपायांच्या एकाच मोठ्या गटातले. किड्याच्या मज्जासंस्थेवर घाव घालणारे औषध खेकड्यालाही सोडत नाही. सिंथेटिक पायरेथ्रॉइड गटातली कीटकनाशके तर कवचधारी जलचरांना अतिशय घातक आहेत. बांधीतले पाणी ओढ्यात उतरते आणि औषधही त्याबरोबर उतरते.

यावर शेतकरी म्हणेल, खेकडा काही साधू नाही. तो धुरा पोखरतो, पाणी पळवतो, कोवळी रोपे कापतो. हे खरे आहे. रोवणीनंतर त्याचा त्रास होतो. पण त्याच्यावर किती दोष टाकायचा याला मर्यादा हवी. २ जुलै २०१९ च्या रात्री रत्नागिरी जिल्ह्यातले तिवरे धरण फुटले आणि वीसहून अधिक माणसांचा जीव गेला, तेव्हा त्यावेळच्या जलसंधारणमंत्र्यांनी खेकड्यांकडे बोट दाखवले होते. महाराष्ट्रभर त्यावर टीका झाली. बिळे खेकडा करतो. पण पाळ तपासणे आणि वेळेवर माती घालणे हे काम माणसाचे आहे. धुऱ्याचेही तसेच. बीळ दिसले की चिखलाने दाबून बुजवावे. त्यासाठी साऱ्या बांधीत विष ओतण्याचे कारण नाही.

आता थोडे ताटाविषयी. लहान पाय पाट्यावर वाटून, गाळून घेतलेल्या पाण्याचा रस्सा आणि गरम भात ही चव ज्याला ठाऊक आहे त्याला आणखी सांगायला नको. खेकड्यात चांगली प्रथिने असतात, आणि मजुरी करणाऱ्या घराला पावसाळ्यात ती पैसे न मोजता मिळतात. मात्र तो पूर्ण शिजवूनच खावा. कच्च्या किंवा अर्धवट शिजलेल्या खेकड्यातून फुप्फुसात राहणारा चपटा कृमी माणसात येऊ शकतो. मणिपूर, नागालँडकडे असे रुग्ण आढळले आहेत. खोकल्यातून रक्त पडते म्हणून त्यांच्यावर क्षयाचे उपचार झाल्याची उदाहरणे आहेत. खेकडा साफ केल्यावर हात आणि विळीही स्वच्छ धुवावी.

२०१६ साली सह्याद्रीतल्या गोड्या पाण्यातल्या खेकड्यांच्या पाच नव्या जाती प्रसिद्ध झाल्या. त्यांच्या जांभळ्या-केशरी रंगांचे वर्तमानपत्रांत कौतुक झाले. ते योग्यच होते. पण मातकट रंगाचा, रोजच्या पाहण्यातला खेकडा कौतुकाला मुकतो. २००९ साली जगातल्या गोड्या पाण्यातल्या १,२८० जातींचा आढावा घेतला गेला, तेव्हा जवळजवळ निम्म्या जातींविषयी निर्णय करण्याइतकी माहितीच नव्हती. जे नेहमी दिसते ते मोजायचे राहून जाते.

तेव्हा, श्रोतेहो, एवढेच करा. खेकडा हाती आला की तो उलटा करून पाहा. पोटाखालची झाकणी अरुंद, त्रिकोणी असेल तर तो नर. रुंद, गोलसर असेल तर मादी. त्या झाकणीखाली अंडी किंवा पिले दिसली तर तिला तिच्याच ओढ्यात, तिच्याच बिळाजवळ सोडा. टोपलीत एक खेकडा कमी पडेल, पण पुढच्या पावसात टोपली भरायला खेकडे असतील.