पहिला खांब रोवला त्याच दिवशी
(संघटनेच्या सभेतलं भाषण)



आमच्या पाड्यावर एक ट्रस्ट आला. आश्रमशाळा काढतो म्हणाला. आम्हाला बरंच वाटलं. गेल्या उन्हाळ्यात त्याच्या माणसांनी आम्ही कसतो त्या वरकस जमिनीत खांब रोवायला घेतले. आम्ही तहसीलला अर्ज दिला, पोच घेतली नि वाट बघत बसलो. पंधरा दिवसांनी कोर्टात गेलो तोवर तारा ओढून झाल्या होत्या. ट्रस्टचा वकील म्हणाला, कब्जा आमचा, हे बघा कुंपण. आमचा अर्ज फेटाळला. आता अपील चालू आहे. ही चूक तुमची होऊ नये म्हणून बोलतो आहोत.

दावा वर्षानुवर्षं चालतो. तोवर जमीन आहे तशी राहावी म्हणून दाव्याबरोबरच तात्पुरत्या मनाई हुकमाचा अर्ज करायचा. त्यात कोर्ट 3 गोष्टी बघतं.

एक, वरवर बघता आपली बाजू खरी दिसते का. सातबारा, पीकपाहणी, जुन्या पावत्या दाखवा. 6 जुलै 1974 नंतर आदिवासीची जमीन कलेक्टरच्या परवानगीशिवाय बिगर-आदिवासीला घेता येत नाही. ट्रस्टने खरेदीखत काढलं तर विचारा, परवानगी कुठाय?

दोन, जास्त अडचण कोणाची. त्यांची इमारत सहा महिने लांबेल. आपली नाचणी चुकली तर वर्ष उपाशी.

तीन, पैशाने न भरणारं नुकसान. तोडलेला मोह भरपाईने उभा राहत नाही.

फार घाई असेल तर समोरच्याला न ऐकताही कोर्ट हुकूम देऊ शकतं. पण ट्रस्टने कॅव्हेट लावलं असेल तर त्याला आधी कळवावं लागतं. कॅव्हेट 90 दिवस चालतं.

ट्रस्ट आदिवासींच्या भल्यासाठी नोंदलेला असेल नि स्वतःचीच मालमत्ता विकत, उधळत असेल, तर वाट वेगळी. लाभधारक म्हणून निदान दोघांनी प्रतिज्ञापत्रासह धर्मादाय आयुक्तांकडे अर्ज करायचा. 1950 च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याच्या कलम 41-ई प्रमाणे ते मनाई करू शकतात. आपल्या शेताचा कब्जा राखायला मात्र दिवाणी कोर्टच.

हुकूम मिळाला म्हणजे जमीन मिळाली असं नाय. शेजारच्या पाड्याने हुकूम मिळाला म्हणून तारपा वाजवला, नि पुढच्या तारखांना कोणी गेलंच नाही. हुकूम उठला. आणि 'जैसे थे' म्हटलं की ते आपल्यालाही लागू. रात्री जाऊन खांब उपटू नका, ते आपल्यावरच उलटतं. त्यांनी हुकूम मोडला तर कोर्टाला सांगा. मोडणाऱ्याला 3 महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते.

म्हणून पहिला खांब दिसला त्याच दिवशी पंच गोळा करा, लिहून सह्या-अंगठे घ्या, उभ्या पिकाचा फोटो काढा, नि दुसऱ्या दिवशी तालुक्याला या. आदिवासीला सरकारी खर्चाने वकील मिळतो, तो मागा. आणि प्रत्येक तारखेला पाड्यातले दोघं तरी कोर्टात दिसले पाहिजेत.

जिंदाबाद!