मुदतीची किंमत

(वासंतिक व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



गृहकर्ज चालू असलेल्या कोणालाही विचारा, हप्ता किती? उत्तर तोंडावर असते, अगदी रुपयापर्यंत अचूक. मग त्यालाच विचारा, आज मुद्दल किती उरले आहे? इथे तो अडखळतो, अंदाज सांगतो आणि तो अंदाज बहुधा प्रत्यक्षाहून कमी निघतो. गृहकर्जाची खरी किंमत आपल्या नजरेतून सुटते ती याच जागी. आपण हप्ता पाहून कर्ज घेतो. हप्ता लहान दाखवण्याचा सर्वांत सोपा मार्ग म्हणजे मुदत लांबवणे. पण मुदतीलाही किंमत असते, आणि ती आपण क्वचितच विचारतो.

आपल्या जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम होता. सावकाराला एका वेळी वसूल करता येणारे व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये, असा तो नियम. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी ब्रिटिश अमदानीतही तो मानला. आता आजचे एक साधे गृहकर्ज घ्या. ५० लाख रुपये, साडेआठ टक्के दर, वीस वर्षे मुदत. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. वीस वर्षांत तुम्ही भरता सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार. त्यातले व्याज ५४ लाख १४ हजार, म्हणजे मुद्दलाहून जास्त. दामदुपटीचा भंग झाला का? नाही. तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजापुरता होता, वेळच्या वेळी चुकते केलेले व्याज त्यात धरले जात नसे. आणि ईएमआयची सगळी रचनाच दरमहा व्याज चुकते करून घेण्याची आहे. एकरकमी मागितले असते तर आपले पणजोबा कोर्टाची पायरी चढले असते, तेवढे व्याज २४० तुकड्यांत मागितले की आपण पेढे वाटतो.

यात बँकेची लबाडी नाही. बँक दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर व्याज आकारते, इतकेच. पण त्याचा परिणाम काय होतो, ते परतफेडीच्या तक्त्यात पाहू. पहिल्या महिन्यात ५० लाखांवरचे व्याज होते ३५,४१७ रुपये. हप्ता ४३,३९१. म्हणजे मुद्दलात वळते झाले फक्त ७,९७४. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २० हजारांहून जास्त भरता आणि मुद्दल एक लाखही कमी होत नाही. पाच वर्षांनी २६ लाख भरून झालेले असतात, शिल्लक असते ४४ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, शिल्लक ३५ लाख. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. उरलेले निम्मे शेवटच्या सहा वर्षांत फिटते. म्हणून सातव्या-आठव्या वर्षी घर विकायला काढणारा माणूस बँकेचे शिल्लक रक्कम सांगणारे फोरक्लोजरचे पत्र हातात आल्यावर चक्रावतो. त्याच्या हिशेबी कर्ज 'बरेचसे' फिटलेले असते.

आता मुदतीकडे येऊ. तेच ५० लाख, तोच साडेआठ टक्के दर. पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज साडेअडतीस लाखांच्या थोडे वर. वीस वर्षांना ४३,३९१ आणि ५४ लाख. तीस वर्षांना हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख. म्हणजे वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर महिन्याला पाच हजारांपेक्षा थोडे कमीच वाचतात, आणि व्याजात ३४ लाख वाढतात.

इथे एखादा श्रोता म्हणेल की तीस वर्षांनंतरचा रुपया आणि आजचा रुपया एकच धरून तुम्ही आम्हाला घाबरवताय. त्याचे म्हणणे बरोबर आहे. महागाई दरवर्षी पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनी भरायचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या सुमारे सोळा हजारांएवढाच असेल. सगळे हप्ते असे आजच्या रुपयांत आणले, तर वीस वर्षांच्या कर्जाची बेरीज एक कोटी चार लाख न राहता सुमारे ६६ लाख होते. पंधरा वर्षांची ६३ लाखांच्या आतबाहेर, तीस वर्षांची साडेबहात्तर लाख. म्हणजे वीस आणि तीस वर्षांमधला फरक आजच्या रुपयांत सहा-सव्वासहा लाखांचा. चौतीस लाखांचा आकडा दाखवून जे सल्लागार दचकवतात, ते अर्धेच गणित सांगतात.

मग लांब मुदत निर्धोक आहे का? तसेही नाही, आणि त्याचे कारण व्याजदर. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे फ्लोटिंग दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जे बाहेरच्या मानकाशी जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर घेतला. मे २०२२ च्या सुरुवातीला हा दर चार टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के वाढ.

२०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांनी ५० लाखांचे वीस वर्षांचे कर्ज घेतलेला माणूस डोळ्यांसमोर आणा. त्याचा हप्ता ३८,०१८ होता. वर्षभराने शिल्लक राहिली पावणेएकोणपन्नास लाखांच्या थोडी वर. दर सव्वानऊ टक्के झाल्यावर या शिलकीवरचे नुसते व्याज महिन्याला ३७,५९८ झाले. मुद्दलाच्या वाट्याला उरले ४२० रुपये. हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला आणखी जवळजवळ ४९ वर्षे लागतील. उरलेल्या एकोणीस वर्षांतच फेडायचे तर हप्ता साडेपंचेचाळीस हजार करायला हवा. त्या काळात अनेकांचा हप्ता जागचा हलला नाही म्हणून ते निर्धास्त होते. हप्ता हलला नव्हता कारण आतल्या आत मुदत लांबत होती.

तीस वर्षांच्या कर्जाचा खरा धोका इथे आहे. साडेआठ टक्क्यांच्या त्या कर्जात पहिल्या हप्त्यातून मुद्दलाकडे जातात जेमतेम ३,०२९ रुपये. दर पाऊण टक्का चढला की हप्ता नुसत्या व्याजालाही पुरत नाही. पंधरा वर्षांच्या कर्जात हीच उसंत १३,८०० रुपयांची असते. शिवाय पस्तिशीत घेतलेले तीस वर्षांचे कर्ज पासष्टीला फिटते, आणि पगार बहुतेकांचा अठ्ठावन्न किंवा साठीला थांबतो.

न विचारता मुदत लांबवण्याच्या या प्रकारावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम घालून दिले. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारायला हवे. आतापर्यंत किती व्याज आणि किती मुद्दल वसूल झाले, किती हप्ते उरले, हे दर तिमाहीला कळवायला हवे. तो एसएमएस किंवा ईमेल येतो आणि जाहिरातींच्या ढिगात गडप होतो. तो उघडून बघा. दर उतरला तरी हेच लक्षात ठेवा. २०२५ च्या फेब्रुवारी ते जून या काळात रेपो एक टक्क्याने खाली आला. तेव्हा हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवला असेल, तर मुदत आपोआप आखडली.

आता कर्जाबाहेरचे, पण कर्जाच्या जोडीने येणारे खर्च. पिंपरी-चिंचवडमध्ये बांधकाम चालू असलेला ६५ लाखांचा फ्लॅट घ्या. मुद्रांक शुल्क सात टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. खरेदी स्त्रीच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू आहे म्हणून पाच टक्के जीएसटी, ३ लाख २५ हजार. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या तयार घराला हा जीएसटी नाही. हे झाले ८ लाख १० हजार. तीस लाखांच्या वर पंचाहत्तर लाखांपर्यंतच्या गृहकर्जात बँकेला घराच्या किमतीच्या ऐंशी टक्क्यांहून जास्त देता येत नाही, आणि मुद्रांक शुल्क वगैरे त्या किमतीत धरत नाहीत. म्हणजे ५० लाख कर्ज घेतले तर पदरचे २३ लाख हवेत. ते नसले की लोक पर्सनल लोन काढतात, दागिने गहाण टाकतात, आणि त्याचे व्याज घराच्या हिशेबात कधी लिहिलेच जात नाही.

सँक्शनच्या दिवशी आणखी एक गोष्ट होते. सह्यांच्या गठ्ठ्यात विम्याचा एक अर्ज असतो. एकरकमी प्रीमियम, समजा दीड लाख, कर्जातच मिळवून देतात, 'तुम्हाला खिशातून काही द्यायचे नाही' म्हणून. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्या दीड लाखाचे तीन लाख बारा हजार भरावे लागतात. विमा हवाच, कारण कमावता माणूस गेला तर कर्ज मागे राहते. पण तो त्याच ठिकाणी, त्याच पद्धतीने घेतलाच पाहिजे असे बंधन नाही. बाहेरून घेतलेला साधा मुदत विमाही तेच काम करतो.

ताबा लांबला की प्री-ईएमआयचा फेरा सुरू होतो. बँकेने बिल्डरला पूर्ण ५० लाख दिले आणि ताबा दोन वर्षे पुढे गेला, तर साडेआठ लाख नुसते व्याज जाते आणि मुद्दल एका पैशानेही कमी होत नाही. वर सध्याच्या घराचे भाडे आहेच. अशा उशिरासाठी बिल्डरकडून व्याज मागण्याचा हक्क रेरा कायद्याने दिला आहे आणि दाद मागायला महारेरा आहे. तो वापरावा.

करसवलतीबद्दल एवढेच सांगतो. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. पहिल्या वर्षी तुम्ही व्याज भरता ४ लाख २१ हजार. तीस टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर उपकरासह कर वाचतो ६२,४००. नव्या प्रणालीत राहत्या घरावर ही वजावट नाही. 'टॅक्स वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवलंय' असे म्हणणाऱ्याने हे दोन आकडे शेजारी शेजारी लिहून पाहावेत.

मग करायचे काय? घर घेऊ नका, असे मी म्हणणार नाही. भाड्याच्या घरात अकरा महिन्यांचा करार दर वर्षी नव्याने करणाऱ्याला स्वतःच्या दाराची किंमत मी आकड्यांत सांगू शकत नाही. पण कर्ज घेतल्यावर ते आपल्या हातात ठेवण्याचे मार्ग आहेत.

पहिला मार्ग वेळेआधी फेडण्याचा. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ मध्येच मनाई केली. पण ही फेड लवकर केली तर उपयोग. आपल्या त्याच उदाहरणात पहिल्या वर्षाअखेर जास्तीचा एक लाख भरला तर पुढचे सुमारे ३ लाख ८० हजार व्याज वाचते. तोच लाख सोळाव्या वर्षाअखेर भरला तर वाचतात जेमतेम ३९ हजार. दर वर्षी बोनसमधून एक जादा हप्ता भरत गेलात तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपते आणि दहा लाखांहून जास्त व्याज वाचते. पगारवाढीबरोबर हप्ता दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढवलात तर वीस वर्षांचे कर्ज बारा वर्षे आणि दोन-तीन महिन्यांत फिटते. मात्र पार्ट पेमेंट करताना 'हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा' असे लेखी द्या. आणि घरातल्या आजारपणासाठी ठेवलेली पुंजी यात ओतू नका. बँकेत भरलेला पैसा अडचणीत परत मागता येत नाही.

दुसरा मार्ग विचारण्याचा. तुमच्याच बँकेत नव्या ग्राहकाला अर्धा टक्का कमी दर मिळत असेल, तर वीस वर्षांत तो अर्धा टक्का ३ लाख ७६ हजारांचा होतो. अर्ज करा, लहानशा फीमध्ये दर बदलून मिळू शकतो. नाहीच मिळाला तर बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे कर्ज दुसऱ्या बँकेकडे नेण्याची सोय, आहे. नवे कर्ज घेणाऱ्यांसाठी १ ऑक्टोबर २०२४ पासून 'की फॅक्ट स्टेटमेंट' सक्तीचे आहे. त्यात सगळे शुल्क धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, आणि ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यावे लागते. ते मराठीत मागा आणि सही करण्याआधी घरी आणून वाचा.

तिसरा मार्ग सर्वांत सोपा. दर एप्रिलमध्ये बँकेकडून व्याजाचा दाखला आपण करासाठी काढतोच. त्यातले व्याज आणि मुद्दल बघा, आणि त्याच दिवशी बँकेच्या अॅपवरून शिल्लक मुद्दल आणि उरलेले हप्ते हे दोन आकडे कॅलेंडरच्या मागे लिहून ठेवा. गेल्या वर्षीचे हप्ते वजा बारा यापेक्षा यंदाचा आकडा मोठा दिसला, तर मुदत लांबली आहे, बँकेत जा. लहान दिसला तर तुमची फेड वेळेच्या पुढे आहे. आणि नव्या घराच्या सह्यांना बसाल तेव्हा 'हप्ता किती बसेल?' हा प्रश्न दुसरा ठेवा. पहिला विचारा, 'दर दोन टक्के वाढला तर याच हप्त्यात हे कर्ज माझ्या निवृत्तीआधी फिटेल का?' बँकेतल्या माणसाला याचे उत्तर संगणकावर काढायला दोन मिनिटे लागतात. उत्तर 'नाही' आले, तर घर लहान घ्या किंवा दोन वर्षे थांबून पदरची रक्कम वाढवा.