सफरचंदाचा मसालेदार केक

विजयादशमीच्या दिवशी म्हैसूरच्या राजवाड्यातून निघालेली जंबूसवारी सुमारे पाच किलोमीटरांची वाट चालून बन्नीमंटपाला येऊन विसावते. बन्नी म्हणजे आपली शमी. आपल्याकडे दसऱ्याला आपट्याची पाने सोने म्हणून लुटतात. कर्नाटकात तो मान बन्नीच्या पानांना आहे. रात्री येथील मैदानावर मशालींची कवायत होते आणि तिच्याबरोबर दसऱ्याचा सोहळा संपतो. आम्हां बन्नीमंटपाच्या रहिवाशांच्या घरी त्या आठवड्यात पाहुण्यांचा राबता असतो, आणि नेमक्या त्याच दिवसांत देवराज मार्केटात हिमाचल आणि काश्मीरची सफरचंदे ढिगांनी येऊन पडलेली असतात. चार दिवसांत त्यांतली काही मऊ पडतात. मऊ पडलेले सफरचंद घरात कोणी चावून खात नाही. त्याचे काय करावे, या गृहिणीच्या प्रश्नाला एक फार चांगले उत्तर आहे, आणि आजचे भाषण त्याविषयीच आहे.

ते उत्तर अमेरिकेतून आलेले आहे. सफरचंद शिजवून त्याचा गर करावयाचा आणि तो गर पिठात मिसळून केक भाजावयाचा, ही तेथील जुनी घरगुती रीत. १९१७ साली अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली तेव्हा हर्बर्ट हूव्हर यांच्या देखरेखीखाली अन्नबचतीची मोठी चळवळ तेथे चालली होती. साखर, गहू, लोणी जपून वापरा, असे घरोघरच्या स्त्रियांना सांगितले जात होते. फळाच्या गराने ओलावा येणाऱ्या आणि म्हणून अंडी-लोण्याची काटकसर साधणाऱ्या केकला अशा काळात मान मिळावा यात नवल नाही. आणि योगायोग पहा: त्याच सुमारास सॅम्युएल स्टोक्स नावाचे एक अमेरिकन गृहस्थ सिमल्याजवळच्या कोटगढला अमेरिकेतील सफरचंदांची कलमे लावीत होते. ते पुढे हिंदू होऊन सत्यानंद स्टोक्स झाले, स्वातंत्र्याच्या चळवळीत तुरुंगातही गेले. आज आपल्या बाजारात लाल, लांबट, तळाशी पाच उंचवटे असलेले जे सफरचंद दिसते, त्याचा हिमाचलातील प्रसार त्यांच्यापासून झाला.

परंतु हा केक आमच्या घरी आला तो इतिहासाच्या ओढीने नव्हे. आमच्या सासूबाई मूळच्या सावंतवाडीकडच्या. लग्न होऊन म्हैसुरास आल्या त्याला आता पन्नासांहून अधिक वर्षे झाली. त्या अंडे खात नाहीत. घरात वाढदिवस असला की बाजारातून केक येई, मेणबत्त्या विझत, टाळ्या वाजत, आणि सासूबाई हातात केळ्याची फोड घेऊन बसत. "तुम्ही खा गो, मला काही कमी नाही," असे म्हणत. मोठ्या माणसांना त्याची सवय झाली होती. धाकट्या नातीला मात्र ती झाली नाही. आपल्या पाचव्या वाढदिवसाला तिने सुरी खाली ठेवली आणि विचारले, "आजी खाणार नसेल तर हा केक आपला कसा?" या प्रश्नाला घरात कोणापाशीच उत्तर नव्हते. बिनअंड्याचे केक दुकानांत मिळतात, हे खरे. पण ज्या भट्टीत दुसरेही केक भाजले जातात तेथला केक सासूबाईंच्या मनाला पटत नाही, आणि त्यांच्या मनाची समजूत घालणे हे माझे काम नाही. केक घरात, त्यांच्या डोळ्यांसमोर भाजणे हे मात्र माझ्या हाती होते.

आता अंड्यावाचून केक उभा कसा राहतो? अंडे तीन कामे करते: ओलावा देते, पीठ बांधून धरते आणि फुगवते. यांपैकी पहिली दोन कामे सफरचंदाचा गर बऱ्याच अंशी करतो. सफरचंदात पेक्टिन नावाचे द्रव्य असते. मुरंबा, जॅम घट्ट होतो तो त्याच्यामुळेच. ते पाणी धरून ठेवते, म्हणून हा केक तिसऱ्या दिवशीही कोरडा पडत नाही. फुगवण्याचे तिसरे काम खाण्याचा सोडा करतो. सोड्याला आंबटाची जोड मिळाली की कर्बवायूचे बुडबुडे सुटतात. येथे एक गोष्ट ध्यानात ठेवावयास हवी. अमेरिकेतील जुन्या कृती आंबट सफरचंदांसाठी लिहिलेल्या आहेत. आपले लाल सफरचंद गोड, त्यात आंबटपणा थोडा. म्हणून त्या कृती जशाच्या तशा उचलल्या तर केक बसका होतो आणि सोड्याची तुरट चव जिभेवर राहते. एक चमचा लिंबाचा रस घातला की दोन्ही दोष जातात.

गर असा करावा. मध्यम आकाराची चार सफरचंदे सोलून, बिया व गाभा काढून फोडी कराव्यात. जाड बुडाच्या पातेल्यात पाव वाटी पाणी घालून झाकण ठेवावे आणि मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटे शिजवावे. फोडी बोटाने दाबताच मोडल्या पाहिजेत. मग पळीने घोटावे, आणि पाणी सुटलेले दिसल्यास झाकण काढून थोडे आटवावे. गर पिठल्याइतका दाट हवा. तो पूर्ण निवू द्यावा. गरम गरात सोडा पडला तर त्याचे काम पातेल्यातच आटोपते आणि भट्टीसाठी काही उरत नाही.

आठ इंची डब्यासाठी मैदा दोनशे ग्रॅम घ्यावा. त्यात एक सपाट चहाचा चमचा सोडा, चिमूटभर मीठ, एक चमचा दालचिनीची पूड, पाव चमचा किसलेले जायफळ आणि दोन लवंगांची पूड घालून दोनदा चाळावे. मसाल्यात हात सैल सोडू नये. लवंग अधिक झाली तर केक दातदुखीच्या औषधासारखा लागतो. जायफळ ऐन वेळी किसलेले असावे. हे पुरणपोळी करणाऱ्या बायकांना निराळे सांगावयास नको. दुसऱ्या भांड्यात दीडशे ग्रॅम चिरलेला गूळ तीनशे ग्रॅम गरात विरघळवावा, त्यात शंभर ग्रॅम पातळ केलेले लोणी आणि लिंबाचा रस घालावा. मग कोरडे पीठ यात मिसळावे, आणि मिसळले की हात थांबवावा. मराठी हाताला पीठ मळण्याची सवय असते. येथे ती आवरावी लागते, कारण घोटल्याने मैद्याला चिवटपणा येतो. मूठभर बेदाणे आणि थोडे अक्रोड घातले तर उत्तम. पीठ फार घट्ट वाटले तर दोन चमचे दूध घालावे. भट्टी आधी तापलेली असावी. सोडा ओला झाल्यावर पीठ ताटकळत ठेवू नये.

विजेच्या भट्टीत १८० अंशांवर पस्तीस ते चाळीस मिनिटे लागतात. भट्टी नसेल तर जुन्या जाड पातेल्यात दोन बोटे मीठ पसरून त्यावर तिवई ठेवावी, झाकण लावून दहा मिनिटे तापवावे आणि मग डबा आत ठेवून मंद आचेवर पाऊण तास भाजावे. विणकामाची सुई मध्ये खुपसून ती कोरडी बाहेर आली की केक झाला. अर्धा तास होईपर्यंत झाकण उघडू नये, ही सूचना घरातील मुलांना आधी द्यावी.

हे सारे सासूबाई स्वयंपाकघरात पाटावर बसून पाहत होत्या. झाकणाची गोष्ट निघताच त्या म्हणाल्या, "अगो, हे तर आमचे धोंडसच." आणि ते खरेच आहे. कोकणात मोठी पिकलेली काकडी, म्हणजे तवसे, किसून त्यात तांदळाचा रवा, गूळ आणि खोबरे घालतात, आणि पातेल्याखाली विस्तव व झाकणावर निखारे ठेवून भाजतात. कोणी त्याला तवसळी म्हणतात, कोणी धोंडस. ओलावा फळाचा, गोडी गुळाची, अंडे नाही, आच वरून आणि खालून. विलायतेकडून आलेली वस्तू म्हणून ज्या केकपासून त्या पन्नास वर्षे दूर राहिल्या, त्याचे कुळ त्यांच्या माहेरच्या चुलीवर होतेच. फरक एवढाच, की तव्याऐवजी डबा आणि काकडीऐवजी सफरचंद.

वरच्या लेपाविषयी थोडे. नुसती पिठीसाखर आणि लोणी घोटून केलेला लेप मला फार तुपकट वाटतो. त्यापेक्षा आपला चक्का बरा. रात्रभर टांगलेला, बोटाला पाणी न लागणारा दीडशे ग्रॅम चक्का घ्यावा. साठ ग्रॅम मऊ लोणी आणि शंभर ग्रॅम पिठीसाखर आधी पांढरे होईपर्यंत फेसावे, आणि मग चक्का हलक्या हाताने, थोडा थोडा मिसळावा. चक्का जोराने फेसला तर पातळ होतो. वेलदोडा घालण्याचा मोह होईल, कारण कोडगू येथून जवळ आणि वेलदोडा चांगला मिळतो; पण आत दालचिनी असताना वर वेलदोडा नको, दोघांची भांडणे होतात. लिंबाची किसलेली साल मात्र शोभते. केक पूर्ण थंड झाल्यावाचून लेप लावू नये, नाहीतर लोणी वितळून ताटात उतरते.

या वर्षीच्या वाढदिवसाला सुरी नातीच्या हातात होती आणि पहिली फोड आजीच्या ताटात पडली. सासूबाईंनी ती खाल्ली, थोडा विचार केला आणि म्हणाल्या, "गूळ जरा कमी पडलाय." नातीने दुसरी फोड वाढली, तीही त्यांनी खाल्ली.

लेप लावलेला केक म्हैसूरच्या हवेतदेखील शीतकपाटात ठेवावा आणि दोन दिवसांत संपवावा. नुसता केक डब्यात तीन-चार दिवस चांगला राहतो आणि दुसऱ्या दिवशी मसाला मुरून अधिक गोड लागतो. दसऱ्याला शेजारी पाठवावयाचा असेल तर आदल्या दिवशी भाजावा, लेप सकाळी लावावा, आणि कापताना सुरी गरम पाण्यात बुडवून, पुसून घ्यावी.