जामीन कशावर मिळतो?

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला ‘स्त्रिया आणि कायदा’ हा विषय दिला होता. तो वर्षभर बोलून संपायचा नाही, म्हणून त्यातली एकच गोष्ट घेते. मागच्या महिन्यात आमच्या शेजारणीकडे चोरी झाली. पकडलेला मुलगा आठवड्यात परत गल्लीत दिसला. ती माझ्यावरच रागावली, “तुमचे कोर्ट झोपा काढते का?” तिच्या समजुतीने तो सुटला. पण जामीन म्हणजे निर्दोष सुटणे नव्हे. खटला संपेपर्यंत बाहेर राहण्याची ती मुभा, आणि तीही तारखेला हजर राहीन या हमीवर. चोरी कोणी केली हे पुढेच ठरायचे आहे.

काही गुन्हे कायद्यानेच जामीनपात्र आहेत. तिथे जामीन हा हक्क. बाकीच्यांत न्यायाधीशांना विचार करावा लागतो. हा माणूस पळून जाईल काय? साक्षीदारांना धमकावील काय? पुन्हा तेच करील काय? गुन्हा किती गंभीर, पुरावा वरवर पाहता कसा आहे, हेही पाहतात. आरोपी स्त्री असेल, आजारी वा अशक्त असेल, तर गंभीर गुन्ह्यातही तिचा वेगळा विचार करण्याची मुभा कायद्यात आहे. अत्याचार झालेल्या बाईचेही म्हणणे ऐकले जाते. गावात पाऊल टाकणार नाही, या अटीवर दिलेले जामीन मी पाहिले आहेत.

तरी हे गणित नव्हे. लोकमान्यांचे उदाहरण घ्या. 1897 साली राजद्रोहाच्या खटल्यात त्यांना जामीन नाकारला गेला. उच्च न्यायालयातही पहिल्या खेपेस यश आले नाही. पुढे न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजींनी तो दिला. आरोपी खटल्याला हजर राहावा एवढाच जामिनाचा हेतू, आणि उद्या तो निर्दोष ठरला तर तुरुंगातले दिवस कोण परत देणार, अशी त्यांची दृष्टी होती. त्या वेळी टिळकांच्या बाजूने बोलणारे बॅरिस्टर होते दिनशा दावर. 1908 साली टिळकांवर पुन्हा खटला झाला, जिनांनी जामीन मागितला, आणि तो नाकारणारे न्यायमूर्ती हेच दावर! खुर्ची बदलली की माणसाला पूर्वीचा आपलाच युक्तिवाद दिसेनासा होतो, असे माझे मत आहे.

पण टिळकांसाठी हजारोंची हमी देणारे लोक पुढे आले. आपल्या धडगाव-अक्कलकुव्याकडच्या माणसाचे काय?

दोन वर्षांपूर्वी अक्राणीच्या डोंगरातली एक बाई कडेवर पोर घेऊन माझ्याकडे आली. नवऱ्याला जामीन मंजूर होऊन वीस दिवस झाले होते, आणि तो तुरुंगातच होता. पंधरा हजारांचा जामीनदार हवा होता. जामीनदार म्हणजे सातबारा, ऐपतीचा दाखला, घरपट्टीची पावती. तिच्या भावाकडे वनहक्काचे प्रमाणपत्र होते, सातबारा नव्हता. आणि अर्धे गाव गुजरातेत ऊसतोडीला गेलेले. कोर्टाबाहेर एका इसमाने दोन हजारांत जामीनदार मिळवून देतो म्हणून सांगितले, ते तिने कानातले मोडून दिले. तो इसम पुन्हा दिसला नाही.

हे नवे नाही. 1978 साली मध्यप्रदेशातल्या मोतीराम नावाच्या गवंड्याला दहा हजारांचा जामीन सांगितला, आणि त्याच्या भावाची हमी नाकारली, का, तर भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात! सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती कृष्ण अय्यरांनी ते चूक ठरवले आणि हजारावर त्याला सोडवले. आपले सोयरे निझरला, खेतियाला. आपल्याला हा निकाल फार जवळचा आहे. 2023 साली त्याच न्यायालयाने सांगितले, की जामीन मिळूनही कैदी सात दिवसांत सुटला नाही, तर तुरुंगाधिकाऱ्याने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवावे. महिना उलटला, तर कोर्टाने आपण होऊन अटी सैल करण्याचा विचार करावा. त्या बाईपर्यंत यातले काहीच पोचले नव्हते. आम्ही अर्ज केला. नवरा स्वतःच्या जातमुचलक्यावर सुटला. एकंदर सव्वीस दिवस गेले. प्राधिकरणाचा वकील फुकट मिळतो. स्त्रियांना, आदिवासींना आणि कोठडीतल्या माणसाला त्यासाठी उत्पन्नाची अट नाही, हे घरी जाऊन चार जणींना सांगा.

मी वकील असल्याने मला स्वतःला जामीन राहता येत नाही. आमच्या नियमांत ते बसत नाही. तुम्हांला येते. परवा आपल्याच मंडळातल्या एकीने विचारले, नाव सांगत नाही. तिच्याकडे भांडी घासणाऱ्या बाईचा मुलगा आत आहे. “मी हमी दिली तर माझे घर जाईल का हो?” मी म्हटले, मुलगा तारखेला आला नाही, तर कोर्ट आधी तुम्हांला कारण विचारील, मग हमीची रक्कम पुरी वा थोडी भरून घेईल. त्या रकमेपुरतीच तुमची जबाबदारी. पुढे भरवसा वाटेनासा झाला, तर कोर्टात अर्ज देऊन हमीतून मोकळे होता येते.

“यजमानांना विचारते,” म्हणाल्या. घर त्यांच्या स्वतःच्या नावावर आहे. सोमवारी सकाळी अकरा वाजता मी कोर्टात त्यांची वाट पाहणार आहे.