शंका घेणारा शत्रू नव्हे



आपला माल दुसऱ्याला कसा पटवावा, हा आजचा विषय. कामगार चळवळीतल्या माणसाला व्यापारातले काय कळते, असे काहींना वाटेल. आमची शाळा चौथीत सुटली. पण तीस वर्षे आम्ही मालकांपुढे मागण्या मांडत आलो आहोत. तोही एक सौदाच.

धडा घ्यायला लांब जायला नको. किर्लोस्करवाडी आपल्याच पलूस तालुक्यात आहे. औंधच्या पंतप्रतिनिधींनी दिलेल्या माळावर लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली ती वसवली. त्यापूर्वी बेळगावात त्यांनी लोखंडी नांगर केला, तेव्हा शेतकरी म्हणत, लोखंडाने जमिनीत विष भिनते. पहिले नांगर खपायला दोन वर्षे लागली. तो शेतकरी अडाणी होता काय? नांगर फसला तर कारखानदाराचा एक नांगर वाया जाणार, याचे सबंध वर्ष बुडणार. अशा भीतीला व्याख्यान पुरत नाही. शेतात खोल तास पडलेले आणि त्यावर आलेले पीक डोळ्यांनी दिसावे लागते.

एकदा आम्हीच हे विसरलो. बंद पडलेल्या एका कारखान्यातील अकरा कामगारांनी स्वतःचे वर्कशॉप काढायचे ठरवले. कर्जासाठी आम्ही त्यांच्याबरोबर गेलो. साहेबांनी एवढेच विचारले, "काम नसेल त्या महिन्यात हप्ता कोण भरणार?" आम्हांला तो अपमान वाटला. श्रमाच्या प्रतिष्ठेवर अर्धा तास बोललो आणि रिकाम्या हाताने परतलो. बाहेर एक वयस्कर कामगार म्हणाला, "अण्णा, हाच प्रश्न माझी बायको रोज रात्री विचारते."

मग आम्ही वही घेऊन बसलो. मंदीचे महिने मांडले. प्रत्येकाने मजुरीतला थोडा भाग राखून ठेवण्याचे कबूल केले. दुसऱ्या खेपेस आम्ही गप्प राहिलो. त्याच कामगाराने स्वतः घडवलेला सुटा भाग टेबलावर ठेवला, आणि हप्त्याची गोष्ट आपणच आधी काढली. मागितल्याच्या निम्मे कर्ज मिळाले. वर्कशॉप आज चालू आहे.

उद्या आपल्यापैकी कोणी द्राक्षे घेऊन व्यापाऱ्याकडे जाईल, कोणी पगारवाढ मागायला जाईल. आक्षेप आला की पुरता ऐकावा. समोरच्याला कशाचे नुकसान दिसते, ते विचारावे. उत्तर असेल तर दाखवावे. नसेल तर तसे सांगून मुदत मागावी.

आमचे बोलणे संपले. आता आपल्या शंका येऊ द्या.