राजकन्येचे दुःख आणि आमचे उंबरठे
(ज्ञातिमंडळाच्या वाशी येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



गुणवंत विद्यार्थ्यांचा सत्कार नुकताच पार पडला. त्या आनंदात आम्हीही सहभागी आहोत. परंतु ज्या मुलांचे नाव कोणत्याही सत्काराच्या यादीत येत नाही, किंबहुना घरची माणसेही जे चारचौघांत घेत नाहीत, त्यांच्याविषयी चार शब्द बोलण्याची अनुज्ञा आम्ही मागतो.

30 सप्टेंबर 1993 ची पहाट आपल्या भागातील वडीलधारी मंडळी विसरलेली नाहीत. किल्लारी-सास्तूरच्या भूकंपात हजारो माणसे मातीखाली गेली. ज्यांची लेकरे गेली त्या मातांचा आकांत आपण जवळून ऐकला. म्हणूनच दूरदेशीच्या एका मातेची हकीकत आपणांस परकी वाटणार नाही.

थायलंडचे राजे भूमिबल यांच्या ज्येष्ठ कन्या उबोलरत्ना. 1972 साली त्यांनी एका अमेरिकन गृहस्थाशी विवाह केला आणि त्यापायी राजपदवी सोडली. त्यांचा एकुलता पुत्र भूमी, घरचे लाडके नाव पूम, हा स्वमग्न होता. 2001 साली त्या मायदेशी परतल्या. 26 डिसेंबर 2004 रोजी समुद्र खवळून किनाऱ्यावर आला आणि खाओ लाक येथे 21 वर्षांच्या पूमला घेऊन गेला. शोकाकुल मातेने पुढे पुत्राच्याच नावाने न्यास स्थापून स्वमग्न मुलांच्या साहाय्याचे कार्य आरंभिले. राजवाड्याच्या भिंती उंच असतात. त्यांच्या आड मुलाची अवस्था झाकणे कठीण नव्हते. त्यांनी ती झाकली नाही, हे आम्हांस त्यांच्या दानाहूनही मोठे वाटते.

आपल्याकडेही लोकहितदक्ष राजे होऊन गेले. सयाजीराव महाराजांनी 1893 साली अमरेली भागात सक्तीच्या शिक्षणाचा प्रयोग केला. शाहू छत्रपतींनी 1901 पासून कोल्हापुरात निरनिराळ्या ज्ञातींची वसतिगृहे उभारण्यास साह्य केले. जो मागे राहिला त्याच्यासाठी दार उघडावे, ही त्यांची शिकवण. आपले मंडळ त्याच शिकवणुकीचे ऋणी आहे. परंतु त्या काळी स्वमग्नतेला कोणी वेगळे ओळखतही नव्हते. 1943 साली अमेरिकेत डॉ. लिओ कॅनर यांनी 11 मुलांचे निरीक्षण प्रसिद्ध केले, तेव्हापासून ती वैद्यकात ओळखली जाऊ लागली.

येथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. स्वमग्नता हे मेंदूच्या वाढीतील जन्मजात वेगळेपण होय. मूल हाकेला ओ देत नाही, नजर देत नाही, बोलणे उशिरा येते, एकच खेळ पुनःपुन्हा खेळते. त्यावर रामबाण औषध नाही; मात्र लहानपणीच योग्य शिक्षण मिळाले तर मूल पुष्कळ पुढे जाते. मनोविकार निराळा. छिन्नमनस्कता बहुधा ऐन तारुण्यात प्रकट होते आणि औषधोपचारांनी तिला पुष्कळ आळा बसतो. दोहोंनाही आईची माया कमी पडली, करणी झाली, देवीचा कोप झाला, असली कारणे नाहीत. येडेश्वरीस नवस अवश्य बोलावा. पण डॉक्टरांची पायरीही चढावी.

आता आमचाच अपराध सांगतो. वधूवरांच्या चौकशीत ‘घराण्यात कोणी वेडसर आहे काय?’ हा प्रश्न आम्ही स्वतः कित्येकदा विचारला आहे. एका घरी आम्ही स्थळ घेऊन गेलो असता माजघराच्या दाराला बाहेरून कडी होती आणि आतून कोणी एकाच लयीत दार वाजवीत होते. यजमानांनी मांजर अडकल्याचे सांगितले. आम्ही मान डोलावली आणि चहा घेतला. ती कडी त्या बापाने लावली, असे तेव्हा वाटले. आज वाटते, ती आम्हीच लावली होती. धाकटीचे लग्न मोडू नये म्हणून थोरला कोंडला जातो. आनुवंशिकतेचा काही अंश या अवस्थांत असतो, हे खरे. पण त्याचे माप डॉक्टरांनी सांगावे, कुजबुजीने नव्हे.

स्वकीयांचे दुःख उघडपणे सांगणारी माणसे मराठी मुलखातही झाली. कॅनडात कॅलगरी येथे प्राध्यापक असलेले डॉ. जगन्नाथ वाणी यांनी पत्नीचा छिन्नमनस्कतेचा आजार लपविला नाही. पुण्यात अशा रुग्णांच्या कुटुंबांसाठी त्यांनी संस्था उभी केली आणि 2004 सालच्या ‘देवराई’ या चित्रपटास साहाय्य दिले.

कायदाही आपल्या पाठीशी आहे. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात 21 प्रकार असून स्वमग्नता व मानसिक आजार दोन्ही त्यांत येतात. 1999 च्या राष्ट्रीय न्यास कायद्यान्वये स्वमग्न व्यक्तीस सज्ञान झाल्यावर कायदेशीर पालक नेमता येतो. ‘आमच्यामागे याचे कोण?’ या प्रश्नाचे काही उत्तर त्यात आहे. त्याच न्यासाच्या निरामय योजनेत 1 लाख रुपयांपर्यंत आरोग्यविमा आहे. 14416 या क्रमांकावर मनाच्या व्यथेबाबत विनामूल्य सल्ला मिळतो. ठाणे, येरवडा, नागपूर, रत्नागिरी ही राज्याची जुनी मनोरुग्णालये आपल्यापासून दूर आहेत. म्हणून दुखणे विकोपास जाण्यापूर्वीच धाराशिवच्या जिल्हा रुग्णालयाची वाट धरावी.

मंडळास आमची विनंती दोनच गोष्टींची. वधूवर-चौकशीतून तो प्रश्न आजपासून काढून टाकावा. आणि पुढील मेळाव्यात अशा मुलांना त्यांच्या मातापित्यांसह मानाने पुढच्या रांगेत बसवावे. मूल मध्येच ओरडले तर वक्त्याने क्षणभर थांबावे. त्यात सभेचा भंग होत नाही.

तो यजमान या सभेत असेल, तर आम्ही त्याची हात जोडून क्षमा मागतो. कडी आता काढावी. आम्ही पुन्हा चहाला येऊ, आणि या वेळी थोरल्याला भेटल्याखेरीज उठणार नाही.