सोंगाचा पोशाख

बीदर आणि कलबुर्गी जिल्ह्यांतील खेड्यापाड्यांतून हगलुवेषवाल्यांचा खेळ अजूनही क्वचित पाहावयास मिळतो. कानडीत ‘हगलु’ म्हणजे दिवस. दिवसाढवळ्या घेतलेले सोंग, म्हणून ते हगलुवेष. हा खेळ करणारे बहुधा बुडगा जंगम समाजाचे लोक असतात. त्यांची घरातील भाषा तेलुगू, गल्लीतील भाषा कानडी. भालकी, औराद, बसवकल्याण, आळंद ह्या भागांत जेथे घरोघर मराठी बोलली जाते, तेथे प्रेक्षकांना त्यांचे प्रत्येक वाक्य समजतेच असे नाही. परंतु त्यावाचून काही अडतही नाही. अंगाला निळा रंग, डोक्याला मुकुट, हातात गदा अथवा धनुष्य अशी मूर्ती वेशीतून आत आली, की आज कोण आले हे ओट्यावरील म्हातारीदेखील तत्काळ सांगते.

ह्या खेळाला रंगमंच नाही, पडदा नाही, आणि मुख्य म्हणजे रात्र नाही. रात्रीच्या नाटकाला अंधार पुष्कळ हात देतो. उसवलेली झालर, उडालेला मुलामा, घामाने ओघळलेला रंग, हे सारे बत्तीच्या उजेडात झाकून जाते. भर दुपारच्या उन्हात, चार हातांवर उभ्या असलेल्या पोरांसमोर, झाकावयाचे म्हटले तरी काय झाकणार? म्हणून सगळा भार पोशाखावर पडतो. ही मंडळी गावाबाहेर पाल ठोकून काही दिवस राहतात, रोज निराळे सोंग आणतात आणि अखेरीस घरोघर फिरून धान्य व पैसा मागतात. काल जो भीम होता तोच आज रावण होतो. शरीर तेच, आवाज तोच. बदलतो तो पोशाख. आणि पोशाख बदलताच त्या माणसाने काय बोलावे, कोणावर धावून जावे, कोणापुढे नमावे, हे सारे बदलते.

अशा खेळात पोशाख ही शोभा नव्हे, तो अधिकार आहे. उत्तर कर्नाटकातील दोड्डाटातही हेच दिसते. खांद्यांवर भुजकीर्ती, मस्तकी किरीट, छातीवर चमकणारे अलंकार एवढे ओझे चढले म्हणजे दिवसभर औत धरणारा गडी राजा होतो, आणि ते उतरेपर्यंत त्याने राजासारखेच चालावे अशी गावाची अपेक्षा असते.

मराठी रंगभूमीचा आरंभही ह्याच पेटीतून झाला. १८४२ च्या सुमारास कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ सांगलीत झाले. ते पाहून चिंतामणराव पटवर्धनांनी विष्णुदास भावे यांस तशा प्रकारचे, परंतु अधिक नेटके, नाटक उभे करण्यास सांगितले; आणि १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ लोकांपुढे आले. मराठी नाटकाने पहिला अंगरखा कानडी शेजाऱ्याकडून उसना आणला, असे कोणी म्हटले तर रागावण्याचे कारण नाही. त्या नाटकांतील राक्षस पोशाखाने ओळखू येई, आणि त्यातूनही कोणी चुकेल म्हणून तो ‘अललडुर्र’ अशी आरोळी ठोकी.

पुढे १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ आले. गाणे बदलले तसा पोशाखही निवळला. पात्रे माणसांसारखी दिसू लागली. १९११ च्या ‘मानापमान’ नाटकात तर पोशाख हाच कथानकाचा कणा झाला. श्रीमंत भामिनी साध्या वनमालेचे रूप घेते, आणि भामिनी म्हणून जे तिला कधीही साधले नसते ते वनमाला होऊन साधते. येथपर्यंत पोशाखाचे जुने सामर्थ्य शाबूत होते. परंतु ती भूमिका करणारे होते बालगंधर्व. त्यांच्या लुगड्यांकडे, अंबाड्याकडे आणि दागिन्यांकडे प्रेक्षक, विशेषतः स्त्रिया, पात्राला विसरून पाहू लागल्या, आणि नाटकगृहातील वेशभूषा घरात उतरली. लुगडे भामिनीचे की रुक्मिणीचे हा प्रश्न गौण ठरला. ते बालगंधर्वांचे होते एवढे पुरे झाले. १९१३ साली निघालेल्या गंधर्व नाटक मंडळीने वैभवात काही कमी केले नाही, आणि त्या वैभवापायी मंडळी कर्जातही बुडाली. सर्व सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही, ही म्हण नाटकमंडळ्यांच्या हिशेबनिसांना इतरांहून अधिक ठाऊक असली पाहिजे.

हा सारा प्रवास आज आठवण्याचे कारण जरा दूरचे आहे. ज्या गल्लीत हगलुवेष येतो त्याच गल्लीतील मुले आता हातातील फोनच्या पडद्यावर सोंगे घेतात. ह्या खेळांची एक मोठी शाखा जपानात वाढली. तिला रोल-प्लेइंग म्हणजे भूमिका घेण्याचे खेळ असे म्हणतात. खेळणारा एखाद्या पात्राचे रूप घेतो, दीर्घ कथानकातून मार्ग काढतो, लढतो, आणि त्याचे बळ पायरीपायरीने वाढते. वडील मंडळी ह्याकडे तुच्छतेने पाहतात. ती तुच्छता क्षणभर दूर ठेवून ह्या खेळांतील पोशाखांकडे पाहिले, तर ओळखीच्याच वाटा दिसू लागतात.

१९८८ साली ‘ड्रॅगन क्वेस्ट’ मालिकेतील तिसरा खेळ जपानात आला. त्या काळच्या यंत्राची शक्ती बेताची होती. नकाशावर चालणारे पात्र म्हणजे सोळा गुणिले सोळा ठिपक्यांचा एक चौकोन, आणि त्यातही रंग साधारणतः तीनच. एवढ्याशा जागेत चेहरा काढणार कसा आणि मनोभाव दाखवणार कसा? म्हणून टोपीचा आकार, झग्याचा रंग, हातातील काठी ह्यांनीच माणूस ओळखवावा लागे. हगलुवेषवाल्यावर उन्हामुळे जी पाळी येते, ती ह्या चित्रकारांवर ठिपक्यांच्या दारिद्र्यामुळे आली. आणि उपाय दोघांनीही एकच काढला. ह्या खेळात एक देवालय आहे. विसाव्या पायरीपर्यंत चढलेले पात्र तेथे जाऊन आपला पेशा बदलू शकते. योद्धा पुरोहित होतो, पुरोहित जादूगार होतो. पेशासोबत रूप बदलते. मात्र त्याचे मोल द्यावे लागते. पात्र पुन्हा पहिल्या पायरीवर येते आणि त्याचे बळ निम्मे होते. शिकलेले मंत्र तेवढे जवळ राहतात. नवे सोंग घेणाऱ्याने जुना मान खाली ठेवावा, ही अट ज्याने घातली त्याला सोंगाचे मर्म कळले होते असेच म्हणावे लागेल.

‘फायनल फँटसी’ ही दुसरी मोठी मालिका. १९९० च्या तिसऱ्या खेळात पात्रांना पेशे वारंवार बदलण्याची मुभा मिळाली. पांढऱ्या झग्याचा, तांबड्या काठाचा जादूगार बरे करणारा. टोकदार टोपीखाली काळोखात चेहरा लपवणारा तो अग्नी आणि वीज टाकणारा. १९९२ च्या पाचव्या खेळात वीसांहून अधिक पेशे होते, आणि प्रत्येक पात्रासाठी प्रत्येक पेशाचा पोशाख वेगळा रेखाटलेला होता. एकच टोपी चौघे चार तऱ्हांनी घालीत. पोशाख पेशा सांगतो, आणि तो घालण्याची ढब माणूस सांगते. येथे ही कला फार उंचीवर गेली होती. २००३ साली त्याच मालिकेत असा एक खेळ आला की त्यातील तीन तरुणी लढाई चालू असतानाच पोशाख बदलीत, आणि पोशाखाबरोबर त्यांची शक्ती बदले. रूप आणि सामर्थ्य ह्यांचे लग्न इतके घट्ट त्यानंतर क्वचितच दिसले.

यंत्रे बलवान झाली तशी अडचण निराळीच उभी राहिली. आता अंगावर चढवलेले प्रत्येक चिलखत, प्रत्येक जोडा, पडद्यावर जसाच्या तसा दिसू लागला. २०१० च्या ‘झेनोब्लेड क्रॉनिकल्स’ ह्या खेळात बळकट टोप एका संचातला, मजबूत पायघोळ दुसऱ्यातला, हातमोजे तिसऱ्यातले, असे करता करता जगाचा तारणहार जुन्या बाजारातून कपडे घेतलेल्या माणसासारखा दिसू लागे. खेळणाऱ्याला बळ हवे होते आणि रूपही हवे होते. तेव्हा निर्मात्यांनी दोहोंचा काडीमोड करून दिला. ‘फायनल फँटसी’च्या चौदाव्या, हजारो लोकांनी एकत्र खेळावयाच्या खेळात २०१४ साली अशी सोय झाली की एका वस्त्राचे बळ ठेवावे आणि त्यावर दुसऱ्या वस्त्राचे रूप चढवावे. ‘ड्रॅगन क्वेस्ट’च्या अकराव्या खेळाच्या २०१९ च्या आवृत्तीत आणि ‘झेनोब्लेड’च्या २०२० च्या नव्या आवृत्तीतही तसेच घडले. सोय मोठी, तक्रार करणार तरी कोण? परंतु त्या दिवसापासून पडद्यावरील पोशाख काही सांगेनासा झाला. टोकदार टोपीखाली आता कोणीही असू शकतो.

आणि जे काही सांगत नाही, ते निराळे विकता येते. २०१६ च्या ‘पर्सोना ५’ ह्या खेळात कथेपुरता पोशाखाचा नियम फार सुंदर आहे. शाळकरी मुले दुसऱ्या, मनोमय जगात शिरतात तेव्हा शाळेच्या गणवेषातच असतात. त्या जगाच्या धन्याला त्यांच्यापासून धोका वाटू लागला, की त्यांच्या अंगावर चोरांचा वेष आपोआप उमटतो. म्हणजे पोशाख पाहणाऱ्याच्या भीतीतून जन्म घेतो. परंतु त्याच खेळासाठी कथेशी काडीचा संबंध नसलेले पोशाखही वेगळे पैसे घेऊन विकले गेले. तेथे गंधर्व मंडळीच्या लुगड्यांची आठवण होते. फरक एवढाच की तेव्हा पोशाखापायी मंडळी बुडाली, येथे पोशाखावर कंपनीची कमाई होते आणि खिसा रिकामा होतो तो मुलाच्या बापाचा.

पोशाख पाहणाऱ्याच्या भीतीतून जन्म घेतो, हे मात्र नुसत्या खेळापुरते राहिलेले नाही. पूर्वी गावात शिरणाऱ्या परक्या माणसाचा पोशाख हाच त्याचा परवाना असे. कवड्यांची माळ दिसली की तो पोतराज किंवा गोंधळी, भंडाऱ्याची पिशवी दिसली की वाघ्या, पोलिसाच्या टोपीखाली रंगवलेल्या मिशा दिसल्या की रायरंद. लोक हसत, चार पैसे देत, वाटेस लावीत. २०१८ सालच्या जुलै महिन्यात हा परवाना रद्द झाल्याचे दोनदा दिसले. १ जुलै रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे, मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून, भिक्षेसाठी फिरणाऱ्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठार मारले. त्यांतील बहुतेक मंगळवेढ्याकडचे, म्हणजे कलबुर्गीला लागून असलेल्या सोलापूर जिल्ह्यातले. १३ जुलै रोजी बीदर जिल्ह्यातच, औराद तालुक्यातील मुरकी येथे, हैदराबादहून आलेल्या एका तरुण अभियंत्याचा तशाच अफवेने बळी घेतला. त्याच्या सोबत्यांनी शाळकरी मुलांना चॉकलेटे दिली होती, एवढेच निमित्त. तो तर कोणत्याही सोंगात नव्हता. अफवा मात्र दोन्ही ठिकाणी फोनच्या पडद्यावरूनच गावागावांत पोहोचली होती.

जेथे साध्या कपड्यांतला पाहुणा सुटत नाही, तेथे तोंडाला रंग फासून, दाढी लावून, मुलांचा घोळका पाठीशी घेऊन वेशीतून आत येणाऱ्याने काय करावे? मुले मागे लागणे ही ज्याच्या धंद्याची खूण, त्याच्यावरच मुले पळवण्याचा संशय सर्वांत आधी यावयाचा. तेव्हा पाल ठोकण्यापूर्वी ग्रामपंचायतीत आणि पोलीस ठाण्यात वर्दी देणे, आणि स्वतःच्या नावाचे, छायाचित्राचे आधार कार्ड जवळ बाळगणे, हे ह्या कलावंतांच्या हिताचे आहे. पंचायतीनेही दवंडी देऊन अथवा गावाच्या फोनगटावर कळवून, आज अमुक मंडळी आली आहेत, त्यांचा खेळ पाहावा, एवढे सांगितले तर तिचे काही खर्च होत नाही. अडचण उरते ती लहानशी. रावणाच्या अंगरख्याला आजवर खिसा कधी ठेवलेला नव्हता. तो आता शिवून घ्यावा लागेल.